गांगा ब्रूता

गांगा ब्रूता : ब्राझीलमधील एक महत्त्वाचा, पण दीर्घकाळ उपेक्षित राहिलेला पोर्तुगीज चित्रपट (१९३३). दिग्दर्शक उंबेर्तू माउरू (१८९७–१९८३). आदेमार गोंझागा यांनी १९३० मध्ये रीओ दे जानेरो येथे स्थापन केलेल्या ‘सिनेदिया’ या चित्रसंस्थेची ही निर्मिती. धातुकाला चिकटलेला निरुपयोगी, असंस्कारित खनिजांश असा शीर्षकाचा वाच्यार्थ असून तो नायकाच्या स्वभावास लागू पडतो.

मार्कूस हा अभियंता वधूच्या पूर्वसंबंधाच्या कारणावरून विवाहाच्या रात्रीच तिची हत्या करतो. न्यायालयातून निर्दोष सुटल्यावर तो दूरच्या गावी कारखान्याच्या बांधकामावर जातो. तेथे वाग्दत्त असलेल्या सोनिया या तरुणीकडे तो आकृष्ट होतो. तिचा नियोजित वर संघर्षात नदीत बुडून मरतो व मार्कूस-सोनिया यांचा विवाह होतो.

चित्रपट मुख्यतः मूकपटाच्या पद्धतीने चित्रित झाला होता. संगीत व मोजके संवाद ध्वनितबकड्यांवरून ऐकविले जात. बोलपटांना सरावलेल्या प्रेक्षकांना तो जुनाट वाटला व अपयशी ठरला. १९५२ मध्ये साऊँ पाउलू येथे झालेल्या ब्राझीलियन चित्रपटांच्या सिंहावलोकनात त्याच्याकडे पुन्हा लक्ष गेले. ग्लाउबेर रॉशा यांनी १९६३ मधील आपल्या समीक्षाग्रंथात माउरू यांना नव्या ब्राझीलियन चित्रपटाचे पूर्वसूरी मानले.

तत्कालीन प्रेक्षकांना जो दोष वाटला, तेच या कृतीचे सामर्थ्य होय. शब्द विरळ असल्याने अर्थाचा भार प्रतिमांवर पडतो. यंत्रे, बांधकाम, पाणी व वनश्री यांच्या दृश्यांतून नायकाची वासना व हिंसा सूचित होते. तिचे स्पष्टीकरण कोणी देत नाही. कथानक मात्र भावनाट्याच्या साच्यातले आहे.

आजच्या प्रेक्षकाला खरी अडचण वाटते ती नैतिक आहे. मृत वधूला स्वतःची बाजू मांडता येत नाही आणि खुन्याला अखेरीस नवा संसार लाभतो. अशा खटल्यांत ‘प्रतिष्ठेच्या रक्षणा’चा बचाव ब्राझीलमध्ये दीर्घकाळ मांडला जात असे, तेथील सर्वोच्च न्यायालयाने तो २०२३ मध्ये घटनाबाह्य ठरविला. या पार्श्वभूमीवर चित्रपट नायकाचा निषेध करीत नाही, हे नमूद केले पाहिजे. तथापि त्याच्या हिंस्र वृत्तीला तो उदात्तही करीत नाही. शीर्षकातच तिला गाळ म्हटले आहे. म्हणून केवळ तंत्रासाठी त्याची स्तुती करणे किंवा केवळ आशयासाठी त्याला नाकारणे, ही दोन्ही मूल्यमापने अपुरी ठरतात. ज्या समाजाने मार्कूसला निर्दोष ठरविले, त्याचे मन या चित्रपटात जतन झाले आहे.