नायडू, लीला
नायडू, लीला : (१९४०–२८ जुलै २००९). हिंदी व इंग्रजी चित्रपटांतील भारतीय अभिनेत्री. जन्म मुंबई येथे. वडील रामय्या नायडू हे भौतिकीविज्ञ असून त्यांनी पॅरिसमध्ये मारी क्यूरी यांच्या हाताखाली संशोधन केले होते. आई फ्रेंच होत्या. त्यामुळे फ्रेंच भाषा व संस्कृती त्यांना घरातच लाभली. १९५४ मध्ये त्यांना ‘मिस इंडिया’ हा किताब मिळाला.

हृषीकेश मुखर्जी दिग्दर्शित अनुराधा (१९६०) हा त्यांचा पहिला चित्रपट. त्यास राष्ट्रपतींचे सुवर्णपदक मिळाले. खेड्यातील ध्येयवादी डॉक्टरशी (बलराज साहनी) विवाह करून गाणे सोडणाऱ्या गायिकेची ही कथा. तिचे नाते फ्लोबेअरच्या मादाम बोव्हारी (१८५७) या फ्रेंच कादंबरीशी जोडले जाते; तथापि दोन्ही नायिकांत मूलभूत अंतर आहे. एमाला न भोगलेल्या वैभवाची ओढ आहे, तर अनुराधाने स्वतः कमावलेली कला गमावली आहे. लीला नायडूंनी हे गमावणे आक्रोशावाचून, केवळ वाट पाहण्यातून व्यक्त केले. शेवटी पतीपाशी राहण्याचा नायिकेचा निर्णय पटकथेने त्यागाचा गौरव म्हणून मांडला आहे. परंतु त्यांच्या संयत अभिनयामुळे त्या त्यागाची किंमतही प्रेक्षकाला जाणवत राहते.

नानावटी खटल्याची छाया असलेल्या ये रास्ते हैं प्यार के (१९६३) मध्ये न्यायालयीन नाट्यापुढे त्यांची भूमिका झाकोळली. याउलट द हाउसहोल्डर (१९६३) या जेम्स आयव्हरी दिग्दर्शित चित्रपटात नवविवाहितेचा अवघडलेपणा व खट्याळपणा त्यांनी सहजतेने रंगविला. त्यांचे सहनायक शशी कपूर यांनीच पुढे १९७८ मध्ये जुहू येथे पत्नी जेनिफर यांच्यासह पृथ्वी थिएटर उभारले. द गुरू (१९६९) मधील छोट्या भूमिकेनंतर त्या दीर्घकाळ पडद्यापासून दूर राहिल्या. कवी डॉम मोराइस यांच्याशी त्यांचा विवाह झाला होता.

श्याम बेनेगल यांच्या त्रिकाल (१९८५) मध्ये त्यांनी पोर्तुगीज अंमलाच्या अखेरच्या गोव्यातील दोना मारिया साकारली. पतीचा मृत्यू न स्वीकारता त्याच्या आत्म्यास आवाहन करणारी ही वृद्धा मावळत्या वर्गाचे प्रतीक ठरते. त्यांच्या वागण्याबोलण्यातील परकेपणाची जी छटा हिंदी नायिकेच्या ठरीव साच्यात सामावत नव्हती, तीच येथे भूमिकेचे बळ झाली. इलेक्ट्रिक मून (१९९२) हा त्यांचा शेवटचा चित्रपट.

त्यांच्या सौंदर्याची कीर्ती इतकी झाली, की अभिनयाची स्वतंत्र चिकित्सा फारशी झाली नाही. मोजक्याच चित्रपटांचा दोष केवळ त्यांच्या अलिप्ततेवर टाकणे न्याय्य नाही. त्यांच्यासारख्या अभिनेत्रीसाठी भूमिका लिहिण्याची सवयच तत्कालीन हिंदी चित्रपटास नव्हती. अनुराधा व त्रिकाल या दोन टोकांवरील भूमिकांत त्यांच्या अभिनयगुणांची साक्ष पटते. जेरी पिंटो यांच्या सहकार्याने लिहिलेले त्यांचे आत्मकथन लीला : अ पॅचवर्क लाइफ मरणोत्तर, २०१० मध्ये प्रसिद्ध झाले. मुंबई येथे त्यांचे निधन झाले.