शिवी एकाची, शिक्षा साऱ्यांना

आज रोडपालीतली मुले रात्री उशिरापर्यंत मोबाइलवर कुणाच्याही बेधडक मुलाखती पाहतात. १९९५ साली ही मोकळीक नवी होती. स्टार प्लसवरचा निक्की बेदी यांचा ‘निक्की टुनाइट’ हा इंग्रजी कार्यक्रम त्याच नव्या वाऱ्यातला. दूरदर्शनची अदब बाजूला ठेवून पाहुण्याला बोलते करायचे, ही त्याची रीत.

त्या वर्षी मे महिन्यात ‘बॉम्बे दोस्त’चे संस्थापक अशोक राव कवी तिथे आले. समलिंगी माणसाने उघड्या चेहऱ्याने, नावानिशी बोलावे, हेच तेव्हा धाडस होते. कलम ३७७ चा धाक तेव्हा कायम होता. पण लोकांच्या लक्षात राहिले ते वेगळेच. आपण पूर्वी गांधीजींना जातीवरून शिवी दिली होती, हे सांगताना त्यांनी ती पुन्हा उच्चारली. संसदेत गदारोळ झाला, तुषार गांधी न्यायालयात गेले, स्टारचे मालक रूपर्ट मरडॉक यांचेही नाव खटल्यात आले आणि कार्यक्रम बंद पडला.

गांधीजींवर टीका जरूर व्हावी. डॉ. आंबेडकरांनी १९४५ च्या ग्रंथात केलेली टीका आजही बोचते, कारण तिच्यामागे पुरावा आणि युक्तिवाद आहे. जन्मावरून, जातीवरून हिणवणे हे बंड नव्हे. ती आपल्या समाजाची जुनीच खोड. ज्याला समाजाने स्वतः हिणवले, त्याच्या तोंडी ती यावी, हे अधिक क्लेशदायक.

वाहिनीचा दोष मात्र त्याहून मोठा. तेव्हा खासगी वाहिन्यांना भारतातून प्रक्षेपणाची मुभा नव्हती. स्टारचे प्रक्षेपण हाँगकाँगहून होई. म्हणजे पाहुण्याच्या तोंडून निसटलेला शब्द प्रेक्षकांपर्यंत जाण्याआधी कुणीतरी थांबवू शकत होते. तो थांबवला नाही. मग गदारोळ होताच सारा कार्यक्रमच गुंडाळला.

एकाच्या तोंडचे वाक्य साऱ्या समाजाच्या खात्यावर मांडले जाते, हे आपल्याला नवे नाही. त्या रात्रीही तेच झाले. एका शिवीपायी एका उपेक्षित समूहाची कैफियत ऐकायची राहून गेली. उद्या आपल्यातलाच कुणी न पटणारे बोलला, तर त्याच्या चुकीच्या शब्दाचा निषेध करूनही आपण त्याचे उरलेले म्हणणे ऐकून घेऊ काय? आपल्याविषयी इतरांकडून आपण एवढीच अपेक्षा करतो.