लीलाचा पगार

‘गुमराह’ (१९६३) दुसऱ्यांदा बघताना शशिकलाचं काम किती अवघड होतं ते कळतं. लग्नानंतरही जुन्या प्रियकराला भेटणाऱ्या मीनाला (माला सिन्हा) लीला नावाची बाई गाठते. आपण त्या प्रियकराची बायको आहोत असं सांगते आणि धमकावून पैसे उकळत राहते. शेवटी कळतं, की ही तर मीनाच्या नवऱ्याची, म्हणजे अशोककुमारची, सेक्रेटरी. त्यानेच तिला हे नाटक करायला लावलंय. (साठ वर्षांपूर्वीच्या सिनेमाचा शेवट फोडल्याबद्दल कुणी रागावणार नाही असं धरतो.)

म्हणजे लीला खलनायिका नाहीच. साहेबांनी सांगितलेलं काम करणारी ती एक नोकरदार बाई आहे. पण शशिकला ते काम नुसतं उरकत नाही. मीनाची तारांबळ बघताना तिच्या डोळ्यांत जी मजा दिसते, ती कुठल्याही साहेबाने सांगून येत नाही. ती जर नुसती हुकूम पाळताना दिसली असती, तर शेवटाचा धक्का आधीच फुटला असता. गंमत अशी, की छळाचा बेत नवऱ्याचा, तरी समंजस तो ठरतो आणि शिव्या लीला खाते. ‘आरती’तल्या जावेपाठोपाठ याही भूमिकेला फिल्मफेअर मिळालं आणि ‘खलनायिका’ हा शिक्का पक्का झाला.

शशिकला जवळकर १९३२ साली सोलापुरात जन्मली. वडिलांचा धंदा बुडाल्यावर कुटुंब मुंबईला गेलं. तिथे नूरजहाँची ओळख झाली आणि ‘झीनत’मधल्या (१९४५) कव्वालीत ती पडद्यावर आली. खलनायिकेच्या आधी ‘सुजाता’तली (१९५९) रमा आहे. तिच्यासाठी बघितलेला मुलगा घरात वाढलेल्या सुजाताच्या प्रेमात पडतो. हेवा वाटायला इतकं सबळ कारण असूनही रमाच्या मनात तो येत नाही, आणि शशिकला हे मोठेपणाचा आव न आणता करते.

पुढे ती कोलकात्याला मदर तेरेसांच्या संस्थेत काम करत होती. या सेवेला पडद्यावरच्या दुष्टपणाचं प्रायश्चित्त म्हणायचा मोह अनेकांना होतो. मला तो अन्यायच वाटतो. दुष्टपणा पटकथेचा होता.

पटत नसेल तर १९६६ सालचे दोन सिनेमे लागोपाठ बघा. दोन्हींत नायक धर्मेंद्र. ‘फूल और पत्थर’मध्ये तिची रीटा मोकळी, धीट, हवं ते मागणारी, म्हणून वाईट. ‘अनुपमा’तली अनिताही तितकीच मोकळी, अखंड बडबडणारी, पण शर्मिला टागोरच्या अबोल उमाशेजारी ती आली की घरात वारं खेळायला लागतं. बोलण्याचा वेग तोच, ते झटकन मान वळवणंही तेच. हृषीकेश मुखर्जींनी तिला फक्त शिक्षा केली नाही.