लोकीचें मरण आणि त्याचें परत येणें

अमेरिकेंतील मार्व्हल कंपनीचे वीरपट वाङ्मयविचाराच्या कक्षेंत येतात काय, अशी शंका आमच्या कांहीं वाचकांस येईल. ज्या घरांत एके काळीं मुलें भीमाच्या व हनुमंताच्या गोष्टी ऐकत झोपीं जात, त्याच घरांत आज तीं थॉरच्या हातोड्याची चर्चा करीत जेवतात, एवढें एकच कारण या विषयाकडे वळण्यास आम्हांस पुरेसें वाटतें. परंतु याहून सबळ कारण निराळेंच आहे. कथेंतील मरणाचें वजन किती असावें, आणि तें मरण पुढें मागें घेतलें गेलें तर आधीं ढाळलेल्या अश्रूंचें काय होतें, हा साहित्यशास्त्रांतील जुना प्रश्न या चित्रपटांनीं मोठ्या ठळकपणें पुढें आणिला आहे. त्याचें सर्वांत बोलकें उदाहरण म्हणजे लोकी हा खलपुरुष.

लोकी मूळचा उत्तर युरोपांतील नॉर्स पुराणांतला. तेराव्या शतकांत आइसलंडच्या स्नोरी स्टर्लुसननें लिहून ठेविलेल्या गद्य एडांत तो देवांच्या सभेंत वावरणारा, क्वचित् त्यांना तारणारा आणि बहुधा अडचणींत आणणारा कपटी म्हणून येतो. १९६२ सालीं स्टॅन ली, लॅरी लीबर आणि जॅक कर्बी यांनीं त्याला थॉरचा वैरी करून चित्रकथेंत आणिलें. २०११ सालीं केनेथ ब्रॅनाच्या 'थॉर' या चित्रपटांत टॉम हिडलस्टन या इंग्रज नटानें त्याला देह दिला. ब्रॅना हा शेक्सपिअरच्या नाटकांत मुरलेला माणूस. त्यानें या कपटी देवाला 'किंग लिअर'मधील एडमंडच्या जातीची व्यथा दिली: राजाच्या घरीं वाढलेला, पण आपण शत्रूचें मूल आहोंत हें उशिरा कळलेला धाकटा भाऊ त्यानें उभा केला. २०१२ च्या 'अ‍ॅव्हेंजर्स'मध्यें या भावानें न्यूयॉर्कवर परकीय सैन्य आणिलें, २०१३ मध्यें मरणाचें सोंग करून बापाचें सिंहासन बळकाविलें, आणि २०१७ च्या 'रॅग्नरॉक'मध्यें अखेर तो थॉरच्या बाजूला येऊन उभा राहिला.

२०१८ च्या 'इन्फिनिटी वॉर'चा आरंभ त्याच्या मरणानेंच होतो. थॉरचा छळ थांबावा म्हणून लोकी तो सामर्थ्यशाली निळा घन थॅनॉसच्या हवालीं करितो. मग निष्ठेची शपथ घेण्याच्या मिषानें जवळ जातो, आणि त्या शपथेंतच स्वतःला ओडिनचा पुत्र म्हणवून घेतो. जें नांव त्यानें इतकीं वर्षें झिडकारलें, तें मरणाच्या उंबरठ्यावर तो आपखुषीनें उच्चारितो. सात वर्षांच्या कथेची गांठ या एका शब्दांत सोडविलेली आहे, आणि हिडलस्टननें तो शब्द कोठेंहि जोर न देतां उच्चारिला आहे. नंतर खंजीर उगारला जातो. थॅनॉस तो हवेंतच अडवितो, त्याचा गळा आवळतो, आतां पुन्हां जिवंत होणें नाहीं असें बजावतो, आणि प्रेत भावापुढें टाकतो. ती बजावणी खरी प्रेक्षकांसाठीं आहे. २०११ आणि २०१३ अशा दोन वेळां हा गृहस्थ मेलासा वाटून परत आला होता. या खेपेस फसवणूक नाहीं, रडावयास हरकत नाहीं, अशी हमी कथाकारांनीं खलपुरुषाच्या तोंडून दिली.

ती हमी एका वर्षांत मोडली, पण सरळ मोडली नाहीं. २०१९ च्या 'एंडगेम'मध्यें वीरमंडळी कालप्रवास करून २०१२ च्या न्यूयॉर्कमध्यें जातात. तेथें जिन्यानें यावें लागल्यामुळें चिडलेला हल्क दार फोडून बाहेर येतो, धक्क्यानें पेटी उघडते, आणि घन घरंगळत बेड्या घातलेल्या लोकीच्या पायांशीं येतो. लोकी तो उचलून नाहींसा होतो. भूतकाळांत ढवळाढवळ केल्यानें आपला वर्तमान बदलत नाहीं, एक नवी शाखा मात्र फुटते, असा या चित्रपटाचा सिद्धांत आहे. भौतिकशास्त्रांत ह्यू एव्हरेटनें १९५७ सालीं मांडलेल्या अनेकविश्वांच्या कल्पनेशीं त्याचें दूरचें नातें असलें, तरी येथें शास्त्राचा शोध घेऊं नये. शास्त्र हें कथाकाराच्या सोयीचें वाहन आहे. महत्त्वाचें एवढेंच कीं, २०१८ मध्यें मेलेला लोकी मेलेलाच राहिला, आणि २०१२ मधला, अद्याप कांहींहि न शिकलेला लोकी निसटला.

येथें आमच्या साहित्यशास्त्राची आठवण झाल्यावांचून राहत नाहीं. शोक हा करुणाचा स्थायी भाव. पण मेलेला प्रियजन पुन्हां भेटणार अशी आशा असेल, तर तो करुण राहत नाहीं, करुणविप्रलंभ होतो, असा भेद आपल्या आलंकारिकांनीं केला आहे. बाणाच्या 'कादंबरी'तील पुंडरीक आणि महाश्वेता यांचें उदाहरण साहित्यदर्पणकार देतात: आकाशवाणी होण्यापूर्वीं महाश्वेतेचा विलाप करुण, पुनर्मीलनाचें आश्वासन मिळाल्यानंतर तो विरहाचा. शास्त्रकारांनीं हा विचार प्रेमी युगुलापुरता केला आहे, हें आम्ही जाणतों. बंधुप्रेमाला तो लावणें ही आमची आगळीक आहे. परंतु तो चपखल बसतो. 'इन्फिनिटी वॉर'मधील थॉरचा शोक निखळ करुण होता. मग आकाशवाणी झाली, ती मात्र कथेच्या बाहेर. लोकीवर स्वतंत्र मालिका निघणार, असें डिस्ने कंपनीनें २०१८ च्या नोव्हेंबरांतच जाहीर करून टाकिलें. म्हणजे एप्रिल महिन्यांत रडलेल्या प्रेक्षकाला दिवाळीच्या सुमारास आश्वासन मिळालें. ज्याचा भाऊ गेला त्या थॉरला मात्र तें कधींच मिळालें नाहीं. पात्र आणि प्रेक्षक यांच्या रसांची अशी फारकत बाणालाहि सुचली नसती.

मेलेल्यास परत आणणें यांत नवें कांहीं नाहीं. आर्थर कॉनन डॉइलनें १८९३ सालीं शेरलॉक होम्सला धबधब्यांत लोटलें आणि दहा वर्षांनीं, १९०३ सालीं, परत आणिलें. पण तो परत आलेला होम्स तोच होता, तो मेलाच नव्हता एवढाच खुलासा डॉइलनें केला. जय आणि विजय हे विष्णूचे द्वारपाल हिरण्याक्ष व हिरण्यकशिपु, रावण व कुंभकर्ण, शिशुपाल व दंतवक्र असे तीन वेळां खल होऊन आले आणि तीन वेळां मेले. त्यांत प्रत्येक मरणानें शापाचें ऋण कमी झालें. त्यांचें शरीर बदलतें, स्मृति पुसते, पण सूत्र एक राहतें. लोकीच्या बाबतींत नेमकें उलट झालें. शरीर तेंच, आवाज तोच, तिरकें हंसणेंहि तेंच. तुटलें आहे तें सूत्र. आईच्या मृत्यूनें जो खचला, भावाशीं ज्यानें समेट केला, तो हा नव्हे. प्रेक्षकाला मुखवटा परत मिळाला, माणूस मिळाला नाहीं. आणि पुष्कळांना तेवढ्यानें समाधान झालें, ही गोष्ट आम्हांस या साऱ्या प्रकारांत सर्वांत विचार करण्यासारखी वाटते.

२०२१ च्या जून महिन्यांत सुरू झालेल्या 'लोकी' या सहा भागांच्या मालिकेच्या कर्त्यांना ही अडचण ठाऊक होती, हें त्यांच्या बाजूनें सांगितलें पाहिजे. काळाच्या शाखा छाटणारी एक कचेरी लोकीला पकडून आणते. (ही कचेरी मोठी गमतीची आहे. ज्या रत्नांसाठीं थॅनॉसनें अर्धें विश्व मारिलें, तीं तेथल्या कारकुनांच्या खणांत कागदांवर ठेवावयाचीं वजनें म्हणून पडलेलीं आहेत. अशा कचेऱ्या पाहावयास कालप्रवास करावा लागत नाहीं.) तेथें त्याला त्याच्याच न घडलेल्या आयुष्याचें चित्र दाखविण्यांत येतें: आपण दाखविलेल्या वाटेनें मारेकरी गेला आणि आई मेली, बाप निवर्तला, भाऊ जवळ आला, आणि शेवटीं थॅनॉसच्या मुठींत आपली मान. तो हें पाहतो, हंसूं पाहतो, आणि त्याला हंसतां येत नाहीं.

प्रसंग उत्तम आहे. तरी आमचा आक्षेप याच प्रसंगावर आहे. सहा वर्षांचें दुःख भोगून जो पालट झाला, तो कांहीं मिनिटांचें चित्र पाहून झाला असें मानावयाचें काय? भोगणें आणि पाहणें यांत अंतर नसतें, तर आम्हां सर्व नाटकें पाहणाऱ्यांचें केव्हांच कल्याण झालें असतें! शिवाय न्यूयॉर्कच्या मृतांचा हिशेब कोठें गेला? २०१२ च्या चित्रपटांतच दोन दिवसांत ऐंशी माणसें त्यानें मारल्याचा उल्लेख आहे, आणि तो शहरावरील हल्ल्यापूर्वींचा आहे. मालिकेचा अधिकारी एका खुनाचें चित्र त्याच्यापुढें धरतो खरा, पण तें प्रकरण लवकरच मिटतें, कारण पुढें त्याला नायक करावयाचें आहे.

पांचव्या भागांत मात्र मालिका एकदम उंचावर जाते. छाटलेल्या शाखांचा कचरा जेथें पडतो त्या उजाड प्रदेशांत लोकीला स्वतःच्याच अनेक आवृत्त्या भेटतात. त्यांत रिचर्ड ई. ग्रँट या नटानें केलेला एक म्हातारा लोकी आहे. त्याच्या शाखेंत थॅनॉसनें मारला तो त्याचा हुबेहुब मायावी देह. तो स्वतः मोडक्या जहाजाच्या तुकड्यांत तुकडा होऊन लपला, वाहत गेला, आणि एका निर्जन ग्रहावर एकटाच जगला. कोणालाहि उपद्रव नको म्हणून तो तेथें राहिला. पण कालांतरानें त्याला भावाची आठवण येऊं लागली, म्हणून तो बाहेर पडला, आणि त्याच क्षणीं कचेरीनें त्याला धरिलें.

ही कथा तो बसल्या बसल्या सांगतो. पडद्यावर तिचें कांहींहि दाखवीत नाहींत. पण तो मेला नसेल, युक्ति करून निसटला असेल, असें जें लाखो प्रेक्षकांनीं मनांत धरिलें होतें, त्याचें हें उत्तर आहे. होय, निसटतां आलें असतें. आणि त्याचें फळ म्हणजे हें म्हातारपण. पुढें हाच म्हातारा इतरांना वाट मिळावी म्हणून आपल्या मायेनें अख्खें अ‍ॅसगार्ड उभें करितो आणि राक्षसाच्या तोंडीं हंसत जातो. २०१८ चें मरण खोटें ठरविण्याऐवजीं या उपकथेनें तें खरें ठरविलें आहे. काल-शाखांचा असा उपयोग होत असेल, तर आमची त्या युक्तीबद्दल मुळींच तक्रार नाहीं.

तक्रार आहे ती इतरत्र. 'एंडगेम'मध्यें खऱ्या अपराधी थॅनॉसचें डोकें थॉर आरंभींच उडवितो. शेवटीं धुळीस मिळतो तो २०१४ मधला थॅनॉस, ज्यानें तो अपराध अजून केलेला नाहीं. त्याचे बेत अधिक भयंकर होते हें खरें, पण प्रेक्षक टाळ्या वाजवितो त्या दुसऱ्याच्या पापाबद्दल. याच्या उलट जेम्स गनचा २०२३ मधला 'गार्डियन्स ऑफ द गॅलेक्सी'चा तिसरा खंड पाहावा. मेलेल्या गमोराची पूर्वकाळांतील प्रत तेथें जिवंत आहे. क्विल तिच्यांत आपली प्रेयसी शोधतो, आणि ती त्याला ओळखतहि नाहीं. चित्रपट संपतांना ती आपल्या लोकांकडे निघून जाते. तोच चेहरा पाहून मन रमविण्याची सोय गननें प्रेक्षकाला दिली नाहीं. हा प्रामाणिकपणा महाग पडत असला पाहिजे, कारण तो क्वचित् दिसतो.

मालिकेचें दुसरें पर्व २०२३ च्या ऑक्टोबर-नोव्हेंबरांत आलें. त्यांत एका सेनाधिकाऱ्याच्या आज्ञेनें असंख्य शाखा, त्यांतील माणसांसह, नष्ट होतात. पडद्यावर एकेक रेघ विझते. एक स्त्री ती माणसें आहेत म्हणून कळवळते, आणि कथा पुढें सरकते. एका लोकीच्या मानेसाठीं आम्ही किती रडलों, आणि विश्वांच्या विश्वें गेलीं तरी किती स्थिर बसलों! शाखा अगणित झाल्या कीं मरणाचें नाणें असें हलकें होतें.

तरीहि या पर्वाचा शेवट आम्हांस आवडला. मरत चाललेल्या शाखा वांचविण्यासाठीं लोकी त्यांचे धागे हातांत घेतो, एकटाच पायऱ्या चढतो, आणि काळाच्या शेवटीं एका आसनावर बसतो. धाग्यांचा आकार नॉर्स पुराणांतील विश्ववृक्षासारखा होतो. त्याला हवें होतें तें सिंहासन मिळालें. भोंवतीं कोणीच नाहीं. स्नोरीच्या एडांतहि लोकी शेवटीं बांधला जातो: बाल्डरच्या वधाबद्दल देव त्याला त्याच्याच मुलाच्या आंतड्यांनीं तीन शिळांना बांधतात, वर सर्प टांगतात, आणि त्याची पत्नी सिगिन विषाचे थेंब पात्रांत झेलीत बसते. पात्र रितें करावयास ती वळली कीं विष त्याच्या तोंडावर पडतें आणि तो असा तळमळतो कीं धरणी हादरते. तेथें बंधन शिक्षा आहे, येथें तें पत्करलेलें आहे. या फरकांतच लोकीचा पालट आहे. पहिल्या पर्वानें जो स्वस्तांत विकत घेतला होता, त्याची किंमत दुसऱ्या पर्वानें चुकविली. मात्र सिगिन येथें नाहीं.

कंपनी त्याला तेथें स्वस्थ बसूं देईल, असें चिन्ह नाहीं. मार्च २०२५ मध्यें 'अ‍ॅव्हेंजर्स: डूम्सडे'च्या नटांचीं नांवें जाहीर झालीं, त्यांत हिडलस्टनचेंहि होतें. 'एंडगेम'मध्यें मेलेल्या टोनी स्टार्कचा नट रॉबर्ट डाउनी याचें नांव तर जुलै २०२४ मध्येंच, एका नव्या खलपुरुषाच्या भूमिकेसाठीं, जाहीर झालें होतें. चेहऱ्यांचा हा व्यापार कोठवर जाईल, तें व्यापाऱ्यांनीं ठरवावयाचें आहे.

मरण खरेंच राहिलें आहे तें एका ठिकाणीं, आणि तेंहि एका विनोदी चित्रपटांत. २०२२ च्या 'थॉर: लव्ह अँड थंडर'मध्यें झ्यूसच्या दरबारांत थॉरचीं वस्त्रें उडून जातात आणि हंशा पिकतो. त्या हंशांत त्याच्या पाठीवरील गोंदण बहुतेकांच्या नजरेंतून निसटतें. तेथें मृतांस शांति चिंतणाऱ्या अक्षरांपुढें लोकीचें नांव आहे. शाखांची आणि वृक्षाची ही हकीगत त्या चित्रपटापर्यंत थॉरला कोणीं सांगितलेली नव्हती.