बुधल्यातून घुमणारा आवाज

‘यू आर गॉना मिस मी’ पहिल्यांदा ऐकताना रॉकी एरिक्सनच्या गळ्यापलीकडे काही ऐकूच येत नाही. दुसऱ्यांदा ऐकताना मात्र कान खाली कुठेतरी अडकतो. गिटार आणि ड्रमच्या मधल्या फटीतून डुगडुग-डुगडुग असा एक आवाज अखंड धावत असतो. पक्षी म्हणावा तर फार नेमका, यंत्र म्हणावं तर फार ओला. तो आवाज माणसाचा आहे. टॉमी हॉल ओठांपाशी मातीचा बुधला धरून, त्याच्या तोंडाशी मायक्रोफोन लावून, आत भराभर स्वर सोडतो आहे. टेक्सासमधल्या ‘थर्टीन्थ फ्लोअर एलिव्हेटर्स’ या बँडचा ‘द सायकेडेलिक साउंड्स ऑफ द थर्टीन्थ फ्लोअर एलिव्हेटर्स’ हा १९६६ मधला पहिला अल्बम या बुधल्याच्या मागे मागे जात ऐकावा, असं माझं ठाम मत आहे.

बुधला अमेरिकन दक्षिणेला नवा नव्हता. मेम्फिसच्या ‘जग’ (म्हणजे बुधला) बँडांत विसाच्या दशकापासून तो फुंकला जात होता, पण तिथे त्याचं काम खर्जाचं, बासची उणीव भरून काढण्याचं. आश्विनातल्या अष्टमीला महालक्ष्मीपुढे फुंकलेल्या घागरी ज्याने ऐकल्या आहेत, त्याला तो भरीव घुमारा लगेच ओळखू येईल. हॉलने हा सगळा व्यवहार उलटा केला. तो फुंकत नाही, बुधल्यात गातो. आणि खर्ज सोडून गाण्याच्या वरच्या अंगाला जातो. बुधल्याची पोकळी त्या गाण्याला एक वेगळाच देह देते. बँडने त्याला ‘इलेक्ट्रिक जग’ म्हटलं, पण त्यातली वीज फक्त मायक्रोफोनपुरती.

हॉल हा सरावलेला वादक नव्हता. ऑस्टिनच्या टेक्सास विद्यापीठात शिकलेला, तत्त्वज्ञानाने झपाटलेला हा तरुण बँडचा विचार आणि बरीचशी गीतं पुरवत होता. १९६५च्या अखेरीस बँड जुळला तो त्याच्याच पुढाकाराने. गिटारवादक स्टेसी सदरलंड, ड्रमर जॉन आइक वॉल्टन आणि बासवादक बेनी थर्मन ‘लिंग्जमेन’ या बँडमधून आले. अठरा वर्षांचा एरिक्सन ‘स्पेड्स’मधून. येताना त्याने स्वतः लिहिलेलं ‘यू आर गॉना मिस मी’ बरोबर आणलं.

स्पेड्सने हे गाणं आधी ध्वनिमुद्रित केलं होतं. दोन्ही मुद्रणं लागोपाठ ऐकावीत. स्पेड्सचं गाणं म्हणजे सोडून गेलेल्या मुलीवर चिडलेल्या पोराचा चांगला, रांगडा त्रागा. एलिव्हेटर्सनी जानेवारी १९६६ मध्ये ह्यूस्टनला तेच गाणं पुन्हा केलं. शब्द तेच, राग तोच, शेवटाकडे एरिक्सनचा हार्मोनिकाही आहे. पण तळाशी बुधला आला आणि त्राग्याचा रोख बदलला. आता ती मुलगी निमित्त वाटते. हा मुलगा आपल्या मागे राहिलेल्या अख्ख्या जगाला बजावतो आहे. लिटल रिचर्ड आणि जेम्स ब्राउनकडून उचललेली ती किंकाळी याच मुद्रणात त्याची स्वतःची झाली. बिलबोर्डच्या यादीत गाणं ५५व्या क्रमांकापर्यंत गेलं. या बँडला याहून मोठं व्यापारी यश मिळालं नाही.

त्या यशावरच ह्यूस्टनच्या ‘इंटरनॅशनल आर्टिस्ट्स’ कंपनीने अल्बम काढला. ऑक्टोबरमध्ये डॅलसच्या ‘सुमेट’ स्टुडिओत उरलेली गाणी झाली. निर्माता लीलन रॉजर्स, गायक केनी रॉजर्सचा थोरला भाऊ. बासवर आता थर्मनच्या जागी रॉनी लेदरमन आला होता. एलएसडीवर कॅलिफोर्नियात बंदी आली तीही त्याच महिन्यात. टेक्सासमध्ये नुसता गांजा सापडला तरी जन्मठेपेपर्यंत शिक्षेची तरतूद होती आणि जानेवारीतच बँडवर पोलिसांची धाड पडून गेली होती. तरीही ही मंडळी आवरणावर ‘सायकेडेलिक’ हा एलएसडीच्या नशेशी जोडलेला शब्द उघड छापून मोकळी झाली. मला हे धाडस या संगीताचाच भाग वाटतं; गाण्यांमधली घाई, मागे कोणी लागल्यासारखा वेग, त्यातून आलेला आहे.

‘रोलर कोस्टर’ हे या अल्बमचं शिखर. पाच मिनिटांचं, त्या काळाच्या मानाने लांबलचक गाणं. सदरलंडची गिटार रिव्हर्बमध्ये भिजलेली, एखाद्या रिकाम्या दालनाच्या टोकाकडून आल्यासारखी. सुरुवात सावध आहे, मग वॉल्टनचा ठेका आवळत जातो. एरिक्सन इथे आर्जव करत नाही. हाताला धरून ओढतो. आणि बुधला? तो सुरावटीला साथ देतच नाही. गाणं वर जावो, खाली येवो, तो आपल्या वेगाने चालूच. डोकं शांत असताना आत चाललेली रक्ताची गती अचानक ऐकू यावी, तसं काहीतरी इथे होतं. हॉलला शब्दांत मांडायचं होतं ते त्याच्या बुधल्याने आधीच मांडलं आहे.

लगेच पुढे ‘स्प्लॅश वन’. हॉलची पत्नी क्लेमेंटाइन आणि एरिक्सन यांनी मिळून लिहिलेलं. किंचाळणारा हाच मुलगा इतक्या निर्मळपणे, अवघडलेल्या हळुवारपणे गातो की पहिल्या दोन गाण्यांचा धसका उतरतो. ओळख पटण्याच्या एका क्षणाचं हे गाणं आहे, बस. ‘फायर इंजिन’मध्ये बंबाचा भोंगा गळ्यानेच काढला आहे, तो गंमतशीर आणि भीतिदायक दोन्ही. ‘डोन्ट फॉल डाउन’ माझ्या मते साधारण. पॉवेल सेंट जॉन या ऑस्टिनच्याच गीतकाराने तीन गाणी दिली. त्यांतलं ‘किंगडम ऑफ हेवन’ संथ, जड पावलांचं, आणि म्हणूनच या धावपळीत वेगळं उठून दिसतं.

ध्वनीबद्दल तक्रार होते ती रास्त आहे. सगळं गढूळ, एकमेकांवर चढलेलं. स्टिरिओ तर टाळावाच. मोनोमध्ये निदान सगळे एका खोलीत आहेत असं वाटतं.

खरा अन्याय क्रमाचा झाला. आवरणाच्या मागे हॉलने ॲरिस्टॉटलच्या तर्कपद्धतीपलीकडे जाण्याबद्दल एक जड टिपण लिहिलं आणि एकेका गाण्याला त्यात जागा दिली. तबकडीवर मात्र गाण्यांचा क्रम वेगळाच. गाजलेलं गाणं सर्वांत पुढे. टिपणातल्या क्रमाने ऐकलं तर सुरुवात ‘यू डोन्ट नो’ने होते, ‘यू आर गॉना मिस मी’ बरंच नंतर, जुन्या आयुष्याचा निरोप म्हणून येतं आणि शेवट ‘किंगडम ऑफ हेवन’ने होतो. या मांडणीत अकरा गाण्यांना एक चढण मिळते. २००९च्या ‘साइन ऑफ द थ्री आइड मेन’ या संचात हा क्रम ऐकायला मिळतो.

त्या चढणीची किंमत एरिक्सनने मोजली. १९६९ मध्ये गांजाच्या आरोपातून सुटण्यासाठी त्याने वेडेपणाचा बचाव घेतला आणि रस्क इथल्या सरकारी मनोरुग्णालयात त्याची वर्षं गेली. १९७२ मध्ये तो बाहेर आला. त्याच वर्षी लेनी केने ‘नगेट्स’ या संकलनात ‘यू आर गॉना मिस मी’ घेतलं आणि पुढच्या पिढीतल्या गॅरेज आणि पंकवाल्यांनी ते तिथून उचललं. किंकाळी अनेकांनी गिरवली. बुधल्याला मात्र कोणी वारस मिळाला नाही.