मराठीतील भयानक रस : एक उपेक्षित दप्तर

मोताळ्यासारख्या तालुक्याच्या गावी, किंबहुना वऱ्हाडातील कोणत्याही कसब्यात, सार्वजनिक वाचनालयाच्या कपाटांपुढे उभे राहून पुस्तकांच्या पाठी न्याहाळल्या, तर ज्यांची शिवण उसवली आहे, ज्यांची पहिली चार पाने गहाळ झाली आहेत आणि ज्यांच्या कडा बोटांच्या घामाने काळवंडल्या आहेत, अशी पुस्तके बहुधा भूतकथा, रहस्यकथा आणि गूढकथा यांचीच निघतात. आणि मराठी वाङ्मयेतिहासाचे जाडजूड खंड उघडले, तर याच पुस्तकांचा निकाल ‘रंजनप्रधान’ या एका शेऱ्याखाली परिच्छेदभरात लागलेला आढळतो. वाचकांनी ज्या साहित्याला दीडशे वर्षे आश्रय दिला, त्याची टीकाकारांच्या दप्तरी साधी नोंदही धड होऊ नये, ही या कलाप्रकाराची पहिली शोकांतिका होय. दुसरी त्याहून गंभीर आहे, ती ही की, कोणी परीक्षण करीत नाही असे पाहून या प्रकारानेही स्वतःकडे कठोरपणे पाहण्याचे सोडून दिले.

वस्तुतः भय हा काव्याचा हीन विषय आहे, असे आपल्या परंपरेने कधीच मानले नाही. भरताने नाट्यशास्त्रात भयानकाला आठ रसांत मानाचे स्थान दिले आणि त्याचे विभाव सांगताना विकृत ध्वनी, पिशाच्चादिकांचे दर्शन, कोल्ह्या-घुबडांचे आवाज, ओसाड घर आणि अरण्य यांच्याच पंक्तीला स्वजनांचा वध आणि बंधन यांचे दर्शन वा श्रवण बसविले. या यादीचे मर्म असे की, आज आपण ज्यांना भूतकथा आणि गुन्हेकथा म्हणून वेगवेगळ्या फळ्यांवर लावतो, त्या दोहोंचे मूळ भरताच्या दृष्टीने एकच आहे. ओसाड वाड्यातली चाहूल आणि आप्ताचा खून ही एकाच स्थायी भावाची दोन कारणे होत. पुढे शृंगार, करुण आणि भक्ती यांच्या चर्चेत आपली समीक्षा रमली आणि भयानकाचे प्रकरण तसेच मिटून ठेवले गेले.

मराठी गद्याच्या आरंभी मात्र अद्भुताची भीती नव्हती. महानुभाव परंपरेनुसार चक्रधरांचे अवतारचरित्रच स्मशानात सुरू होते : गुजरातेतील प्रधानपुत्र हरपाळदेव मृत होऊन चितेपर्यंत नेला जातो, आणि द्वारावतीचे चांगदेव राऊळ आपला देह टाकून त्या प्रेतात प्रवेश करतात. तेराव्या शतकाच्या उत्तरार्धात म्हाइंभटांनी वऱ्हाडातल्या रिद्धपुरी ‘लीळाचरित्र’ सिद्ध केले, तेव्हा मराठीच्या या आद्य गद्यग्रंथात परकायाप्रवेशासारखी घटना कोणत्याही अवडंबराविना, रोजच्या बोलीत सांगितली गेली. अलौकिक गोष्ट साध्या स्वरात सांगण्याचे हे सामर्थ्य उत्तम भयकथेचे पहिले लक्षण आहे, आणि आमच्या आजच्या बहुसंख्य भयकथाकारांनी तेच गमावले आहे.

लोकपरंपरेचे भांडार तर याहून समृद्ध. कोकणातील भूतयोनींची टिपणे ए. एम. टी. जॅक्सन आणि आर. ई. एन्थोवेन या इंग्रज मुलकी अधिकाऱ्यांनी विसाव्या शतकाच्या आरंभी जमविली. पण त्यांतील तपशील आपल्या आजीला ती टिपणे न वाचताच पाठ होता. मुंजा म्हणजे मुंज होऊन सोडमुंजीपूर्वी मेलेला, पिंपळावर वसणारा मुलगा. हडळ म्हणजे बाळंतपणात दगावलेली बाई. जखीण सवाष्णीची, लावसट विधवेची. समंध म्हणजे निपुत्रिक मेलेला, ज्याचे उत्तरकार्य झाले नाही किंवा ज्याची वासना जमिनीत, पुरलेल्या धनात अडकली आहे असा. ही वर्गवारी नीट पाहिली, तर दिसते की यातील प्रत्येक भूत हा एक फिर्यादी आहे. ज्या बाईला बाळंतपणात कोणी वाचविले नाही, ज्या विधवेला जिवंतपणी कोणी माणसांत घेतले नाही, ज्या भावाचा वाटा भावकीने बुडविला, त्यांची तक्रार कोणत्याही कचेरीत दाखल झाली नाही. म्हणून ती रात्री-अपरात्री पिंपळाखाली, विहिरीवर, उंबरठ्याबाहेर उभी राहिली. मुंजा आणि ब्रह्मसमंध, म्हणजे ब्राह्मणाचा समंध, यांना तर मरणानंतरही जात चिकटलेली आहे. भयकथेची कसोटी मला याच ठिकाणी सापडते : जी कथा या फिर्यादीची जबानी ऐकून घेते ती कला, आणि जी केवळ त्याचा चेहरा दाखवून वाचकाला दचकविते ती करमणूक. करमणुकीला माझी हरकत नाही. परंतु तिच्यावरच समाधान मानणे हे भाषेच्या प्रतिष्ठेला शोभणारे नाही.

या कसोटीवर आपला मुद्रित वारसा पाहू. लक्ष्मण मोरेश्वर हळबे यांच्या ‘मुक्तामाला’पासून (1861) अद्भुतरम्य कादंबरी सुरू झाली, गो. ना. दातारांनी ‘कालिकामूर्ति’, ‘इंद्रभुवनगुहा’ यांसारख्या कादंबऱ्यांतून इंग्रज कादंबरीकार रेनॉल्ड्सच्या वळणाचे रहस्य या मातीत इतक्या सफाईने रुजविले की, कित्येक पिढ्यांना त्याचे परकेपण जाणवलेच नाही. त्यानंतर बाबुराव अर्नाळकरांनी झुंझार, काळापहाड आणि धनंजय यांना घेऊन हजारावर रहस्यकथा लिहिल्या. गुरुनाथ नाईकांनी संख्येत त्यांच्याशी बरोबरी केली. सुहास शिरवळकरांनी भाषेला तारुण्य आणि वेग दिला. नुकत्याच साक्षर झालेल्या हजारो माणसांना, गिरणीच्या चाळीत आणि एस. टी.च्या फलाटावर, सलग शंभर पाने वाचण्याची सवय या मंडळींनी लावली, हे ऋण मोठे आहे. तथापि आपल्या गुन्हेकथेतला गुन्हा बहुतांशी हिरे, तिजोऱ्या, मुखवटे आणि मृत्युपत्रे यांच्याभोवती घोटाळत राहिला. बांधावरून पडलेली कुऱ्हाड, सावकाराकडे गहाण पडलेला सातबारा, विहिरीत सापडलेली सून, पंचनाम्यावर अंगठा उठविणारे आणि साक्षीच्या दिवशी फिरणारे पंच, हा जो आपल्या तालुक्यातील कोर्टाचा नित्याचा रोजनामा, तो रहस्यकथेत क्वचितच उतरला.

नारायण धारप (1925–2008) यांच्यापाशी भयकथा प्रथमच एक स्वतंत्र, शिस्तबद्ध रचना म्हणून उभी राहिली. त्यांचा ‘समर्थ’ हा मांत्रिक नसून साधनेने बळ कमावलेला, तर्काने वागणारा पुरुष आहे. आणि धारपांचे निवेदन भयाची पायरी-पायरीने बांधणी करते, आधी घर, मग घरातील एक खोली, मग त्या खोलीतील एकच कोपरा. स्टीफन किंगच्या 1975च्या कादंबरीवरून त्यांनी ‘लुचाई’ घडविली, तेव्हा ख्रिस्ती श्रद्धेच्या चौकटीत वाढलेले पिशाच्च मराठी गावात चालते-बोलते करण्याचे अवघड कसब त्यांनी साधले. परंतु धारपांच्या विश्वात अमंगळ हे बहुधा बाहेरून, कुठल्यातरी ‘अनोळखी दिशे’ने येते, ते आपले नसते, म्हणून त्याबद्दल कोणालाच जबाबदार धरता येत नाही. समर्थ येतो, अनिष्टाचे निवारण करतो आणि गाव निर्दोष उरते.

रत्नाकर मतकरी (1938–2020) यांनी नेमकी हीच भिंत ओलांडली. ‘खेकडा’, ‘कबंध’, ‘ऐक टोले पडताहेत’ अशा संग्रहांतून त्यांनी गूढकथेचे अधिष्ठान माणसाच्या मनात, आणि विशेषतः मध्यमवर्गीय कुटुंबाच्या मनात शोधले. तिथे भूत दिसो वा न दिसो, अपराध नक्की दिसतो : दुबळ्याविषयीचा तिटकारा, आजाऱ्याच्या मरणाची मनातल्या मनात पाहिलेली वाट, प्रेमाच्या नावाखाली गाजविलेली मालकी. कथेचा धक्का ओसरल्यावरही वाचकाला स्वतःच्या घराकडे नीट पाहवत नाही, यात त्यांचे यश आहे. जी. ए. कुलकर्णींच्या ‘काजळमाये’तील मृत्यू आणि नियती यांचे ज्या समीक्षेने गंभीरपणे विवरण केले, तिने मतकरींच्या अंधाराला तेवढाच वेळ दिला नाही, हा पक्षपात आता तरी दूर झाला पाहिजे.

वर्तमान अगदीच निराशाजनक नाही. ‘धनंजय’सारखा दिवाळी अंक रहस्य, भय आणि विज्ञान यांना निष्ठेने जागा देत आला आहे, हृषीकेश गुप्ते यांनी ‘अंधारवारी’ आणि ‘दंशकाल’ यांतून भयाला कौटुंबिक आणि ग्रामीण इतिहासाची खोली दिली, धारपांच्या ‘आजी’ या कथेचा धागा घेऊन 2018 साली ‘तुंबाड’ हा चित्रपट आला आणि लोभ हेच खरे पिशाच्च, हे त्याने देशभर दाखवून दिले. तरीही एक उणीव डोळ्यांत भरते. मराठी भूत अद्याप कोकणातून फारसे बाहेर पडलेले नाही. पाऊस, माड, शेवाळलेला वाडा आणि कंदील यांवाचून त्याचे पान हलत नाही.

वऱ्हाडाची भीती निराळी आहे. ती टळटळीत दुपारची आहे. वैशाखात बारा वाजता शिवारात चिटपाखरू नसताना, नांगरटीच्या ढेकळांवरून झळा उठत असताना, जाणती माणसे पोरांना विहिरीकडे जाऊ देत नाहीत, ती ही वेळ. मोताळा तालुक्यातच रोहिणखेड आहे, जिथे 1437 साली आणि पुन्हा सोळाव्या शतकाच्या अखेरीस अशा दोन मोठ्या लढाया झाल्या आणि बहमनी, खानदेशी, निजामशाही फौजांची माणसे परक्या मुलखात कापली गेली. राजूरचा घाट आहे. नळगंगेच्या धरणाच्या पाण्याखाली गेलेली शिवारे आहेत. आणि कापसाच्या भावापायी स्वतःच्याच शेतात मरण पत्करलेल्या शेतकऱ्यांची घरे या साऱ्या प्रदेशात आहेत. इतके फिर्यादी ज्या भूमीत उभे आहेत, तिने आपल्या भयकथेसाठी ट्रान्सिल्व्हेनियाचा उंबरठा झिजवावा, याचे वैषम्य वाटते.

अशा लेखनाने अंधश्रद्धा बळावते, हा आक्षेप प्रामाणिक आहे आणि आमच्या जिल्ह्यात तो टाळून चालणार नाही. पिंपळगाव सराईजवळच्या सैलानीच्या यात्रेत होळीला नारळांचे ढीग पेटतात, आणि मनाच्या व्याधीने पछाडलेल्या आप्तांना घेऊन दूरदूरची कुटुंबे आशेने येतात. डॉ. नरेंद्र दाभोलकरांच्या हत्येनंतर, 2013 साली जो जादूटोणाविरोधी कायदा झाला, त्याच्या अनुसूचीत भूत उतरविण्याच्या मिषाने माणसाला दोराने वा साखळीने बांधणे, मारहाण करणे, मिरचीची धुरी देणे हे गुन्हे म्हणून नमूद आहेत. यातली प्रत्येक बाब कोणाच्या तरी देहावर घडून गेलेली आहे. भयाचा धंदा करणारा भगत भयाचे कारण पीडिताच्याच अंगात शोधतो. उत्तम भयकथा नेमके उलट करते : ती विचारते, हिच्या अंगात येण्यापूर्वी हिच्यावर काय गुजरले? हा प्रश्न विचारण्याची सवय ज्या वाचकाला लागली, तो कोणाच्याही सुनेला साखळी घालू देणार नाही. म्हणून विवेकाच्या चळवळीने या साहित्याला शत्रू न मानता साक्षीदार मानावे.

बंगालीत स्वतः रवींद्रनाथांनी ‘क्षुधित पाषाण’ ही गूढकथा लिहिली, शरदिंदूंचा सत्यशोधक ब्योमकेश सुशिक्षितांच्या घरात सन्मानाने नांदला, आणि त्यामुळे तिथे भय आणि रहस्य यांची परंपरा अखंड राहिली. मराठीतही ते अशक्य नाही. विद्यापीठांनी धारप आणि मतकरी यांना अभ्यासक्रमात स्थान द्यावे. ग्रंथालयांनी अर्नाळकर-नाईकांच्या विरत चाललेल्या प्रती रद्दीत न घालता त्यांची सूची करावी. आणि वऱ्हाडातल्या तरुण लेखकांनी आपल्या गावातील एकेका पिंपळाची, एकेका पडक्या विहिरीची कैफियत आपल्याच बोलीत लिहून काढावी. मराठी भयकथेपाशी कसब आहे, वाचक आहे, वारसा आहे. तिला आता फक्त आपल्याच माणसांची फिर्याद ऐकून घ्यायची आहे.