‘प्रभात’चा हिशोब

एकनाथांनीं जनार्दनस्वामींची सेवा केली ती दौलताबादच्या किल्ल्यावर. हिशोबांतील एका पैची चूक शोधण्यासाठीं त्यांनीं येथेंच रात्र जागविली, अशी परंपरा आहे. या किल्ल्याच्या सहवासांत राहणाऱ्यास नाथांवरील ‘धर्मात्मा’ हा ‘प्रभात’चा बोलपट आपलासा वाटावा, हें स्वाभाविक आहे. तरीहि हिशोब चोख मांडावयाचा तर कबूल केलें पाहिजे कीं, पुढच्याच वर्षीं निघालेला ‘संत तुकाराम’ त्याहून कितीतरी श्रेष्ठ आहे.

वरवर पाहतां हें नवल वाटेल. १९३५ च्या ‘धर्मात्म्या’स शांतारामांचें दिग्दर्शन लाभलें, बालगंधर्वांसारखा नट लाभला, पण त्यांत नाथांपेक्षां बालगंधर्वच अधिक दिसतात. ‘तुकारामा’चें दिग्दर्शन केलें तें ध्वनिलेखन सांभाळणारे विष्णुपंत दामले व नेपथ्य उभारणारे फत्तेलाल यांनीं. त्यांत विष्णुपंत पागनिसांचा तुकोबा हा अभिनय आहे याचाच विसर पडतो. आणि विठोबावर वहाण उगारणारी गौरीची जिजाई तर शेजारघरचीच वाटते. वैकुंठाचें विमान आलें तरी तिचें चित्त संसारांतच आहे. या चित्रपटाचें खरें काव्य तेंच.

पगारी नोकर असते तर या दोघांना ही संधि खचित मिळाली नसती. बाबूराव पेंटरांच्या हाताखालीं तयार झालेल्या दामले, फत्तेलाल, शांताराम व धायबर या चौघांनीं, सीतारामपंत कुलकर्णी यांच्या आर्थिक साह्यानें, १ जून १९२९ रोजीं कोल्हापुरांत ही कंपनी काढली. १९३३ सालीं ती पुण्यास आली. अमेरिकेंत चॅप्लिन, ग्रिफिथ प्रभृति चौघे १९१९ सालीं एकत्र आले ते मुख्यतः आपापले चित्रपट वितरित करण्यासाठीं. आमचे हे कारागीर मात्र एकाच छपराखालीं राबत होते, आणि मालकच असल्यामुळें मितभाषी माणसाच्या शब्दालाहि तेथें वजन होतें.

अर्थात् माणसांवर उभी असलेली संस्था माणसें पांगतांच खचते. धायबर आधींच बाहेर पडले होते; १९४२ सालीं शांतारामहि गेले. १९४४ मध्यें ‘रामशास्त्री’नें पूर्वीचें तेज पुन्हा दाखविलें, पण पुढच्याच वर्षीं दामले निवर्तले आणि १९५३ सालीं कंपनी बंद पडली. आज ‘प्रभात’ म्हटलें कीं बहुधा शांतारामांचेंच नांव ओठांवर येतें. त्यांची थोरवी कोण नाकारील? परंतु दामले-फत्तेलालांचें खातें कोरें ठेवल्यास या हिशोबांत एक पै नव्हे, निम्मी रक्कमच चुकेल.